हात पाठीमागे

शेवगाव, १४ जून

डॅनी,

आपल्या घरातल्या पत्रांची सुरुवात 'प्रभूमध्ये सलाम' अशी होते. आज मी सलाम लिहिणार नाही. तो मनातून यावा लागतो, आणि परवा तू फोन आपटलास तेव्हापासून माझ्या मनात तुझ्यासाठी फक्त भांडण आहे. फोनवर मी ओरडते आणि तू फोन ठेवून देतोस. कागदाला असं मध्येच गप्प करता येत नाही. म्हणून हे पत्र, तुझ्या मस्कतच्या पत्त्यावर, टपालाने.

तू म्हणालास, "ताई, तू पप्पांना छळतेस."

व्हिडिओ कॉलवर तू काय पाहिलंस ते मीच सांगते. पप्पा पलंगाच्या कडेला बसले होते, पाय जमिनीवर टेकवून. पुढे वाकून उठायला बघत होते. उजवा पाय थरथरत होता, कपाळावरून घाम गळत होता. मी त्यांच्या उजव्या बाजूला उभी होते आणि माझे हात पाठीमागे होते. पप्पा म्हणाले, "ग्लोरे, धर." मी धरलं नाही. तू तिकडून किंचाळलास, "अगं धर त्यांना!" आणि तू नेमलेला तो गोरक्ष दारातून धावत आला, त्याने पप्पांना काखेत धरलं आणि पोत्यासारखं आडवं केलं. तू म्हणालास, "गोरक्षला काळीज आहे. तुझ्याकडे नुसती डिग्री आहे."

बरं. आता फिजिओथेरपीच्या डिग्रीवालीचं ऐक.

पप्पा पडले असते तर जमिनीच्या आधी माझ्या अंगावर पडले असते, इतकी मी जवळ होते. हात पाठीमागे होते ते मुद्दाम. हात द्यायला कुणीही देतं. नातेवाईक देतात, शेजारी देतात, रस्त्यावरचा अनोळखी माणूस देतो. हात न देता जवळ उभं राहायला शिकायला मला कॉलेजनंतर कितीतरी वर्षं लागली, आणि अजूनही दर वेळी माझी बोटं मागे एकमेकांत अडकवून ठेवावी लागतात.

फेब्रुवारीत पप्पांच्या अंगावरून वारं गेलं तेव्हा त्यांच्या पायाला काही झालं नाही. पाय जसाच्या तसा आहे. मोडली ती मेंदूकडून पायाकडे जाणारी वाट. ती परत पडते, पण चालूनच पडते, बांधावरची पायवाट पडते तशी. पप्पा स्वतः उठू बघतात, अर्धे उठतात, धपकन मागे बसतात, तेव्हा त्या वाटेवर एक पाऊल उमटलेलं असतं. आपण त्यांना उचललं की मेंदू म्हणतो, उचलणारे आहेत, मला काय गरज? पहिले काही महिने मेंदू ऐकायला तयार असतो. नंतर तो हट्टी होतो. हे महिने तू आणि गोरक्ष मिळून प्रेमाने खाऊन टाकताय.

प्रेमाने काय होतं ते पाहायचंय? पाथर्डी रस्त्यावर आसाराम नावाचा माझा पेशंट आहे. त्याच्याही अंगावरून वारं गेलं, पप्पांपेक्षा हलकं. दोन मुलं, दोन सुना, भरलं घर. गावात सांगतात, पोरं असावीत तर आसारामची. त्यांनी बापाला चमचा धरू दिला नाही. कूस बदलू दिली नाही. मी खुर्चीत बसवून गेले की माझी गाडी वळायच्या आत परत बाजेवर. मी बायकोला विचारलं तेव्हा ती म्हणाली, "आवो म्याडम, बघायला पाव्हणे येत्यात. ह्यो खुर्चीत बसलेला दिसला तर म्हणत्याल, ह्याला काय झालंय, धडधाकट हाय की! अन् पोरं काय करत्यात म्हणून इचारत्याल."

कळलं? आपल्याकडे आजारी माणसाला आडवं दिसावं लागतं. नाहीतर येणाऱ्यांचा अपमान होतो आणि घरच्यांची सेवा दिसत नाही. त्या घराने आसारामला सेवा करून करून बाजेला शिवून टाकलं. आता त्याचे गुडघे वाकून घट्ट झालेत. माझ्याकडे त्यावर इलाज नाही. तो आता उभा राहणार नाही, आणि त्या घरातल्या एकाही माणसाने त्याचं वाईट चिंतलेलं नाही. मला नीच माणसांचा राग येत नाही डॅनी, त्यांच्याशी लढता येतं. या भल्या माणसांशी कसं लढू?

आपल्यात काय ठरलंय ते पुन्हा लिहिते, म्हणजे पुढे कुणी विसरलो म्हणायला नको. पप्पांनी स्वतः सांगितलंय, "मुलीनं माझं धुवायचं नाही. त्यापेक्षा मी म्हाताऱ्यांच्या होममध्ये जाईन." गोरक्ष नाताळनंतर चाकणला कंपनीत लागणार. तोवर पप्पा स्वतःच्या पायाने मागच्या पडवीतून संडासला जाऊन आले, तर ते या घरात राहतील. नाही जमलं तर पुण्याचं होम आणि घराला कुलूप. ही अट तू घातलीस, मी हो म्हटलं.

मग मला काम करू दे.

ग्लोरिया


शेवगाव, ८ सप्टेंबर

डॅनी,

तुझी खुर्ची आली.

टेम्पोतून उतरवली तेव्हा अर्धी गल्ली जमली होती. बॅटरीवर चालते, बोटाने वळते, हॉर्नसुद्धा आहे. पप्पांना गोरक्षने बसवलं आणि ते दारापासून चर्चच्या फाटकापर्यंत हॉर्न वाजवत गेले. पोरं मागे धावत होती. पप्पा हसत होते. फेब्रुवारीनंतर पहिल्यांदा त्यांचे दात दिसले. परत येऊन मला म्हणाले, जिभेत अजून जडपणा आहे पण टोमणा स्वच्छ ऐकू येतो, "जमादारीणबाई, माझ्या मुलानं मला मोटार पाठवली. तुम्ही काय दिलंत? उठाबशा."

गोरक्ष खिदळला. मीही हसले. मग दवाखान्यात येऊन दार लावून बसले.

मागच्या पत्रात मी एक गोष्ट लिहिली नाही. तू मला छळ करणारी म्हणालास तो शब्द तुझा नव्हता, हे मला माहीत होतं. पप्पांनीच तुला सांगितलं होतं. मी तेव्हा दाराबाहेर त्यांची पँट वाळत घालत होते. ते म्हणत होते, "तिची आई असती तर तिनं मला असं उन्हातल्या बैलासारखं दमवलं नसतं." आई असती तर काय केलं असतं, हे त्यांना माझ्यापेक्षा जास्त ठाऊक. पण ऐकलं मी. तुझ्यावर चिडणं सोपं आहे, तू लांब आहेस. ज्याच्यासाठी हे सगळं चाललंय त्यालाच ते नको असेल तर चिडायचं कुणावर? आणि रोज सकाळी त्यालाच म्हणायचं, "चला पप्पा, पाय खाली घ्या."

पेशंट कंटाळतात. रागावतात. माझ्याकडे एक भिमाजी नावाचा ट्रकवाला येतो, गुडघ्याचं ऑपरेशन झालेला. तो मला तोंडावर सांगतो, "म्याडम, तुमच्यापरीस आरटीओ बरा. त्यो घेतो अन् सोडतो तरी." मी म्हणते, वाकव गुडघा. पण भिमाजी माझा बाप नाही.

खुर्ची आता दाराशीच असते. पप्पा पलंगावरून तिच्याकडे बघतात. मी म्हणते उठा, ते म्हणतात, "कशाला? ती आहे ना."

मग मी एक केलं. कपाटातून त्यांच्या चिपळ्या काढल्या.

तुला आठवतं पप्पांचं कीर्तन? वडाळ्यापासून खर्ड्यापर्यंत, जिथे चार ख्रिस्ती घरं तिथे पप्पांचं कीर्तन. धोतर, उपरणं, आणि ते दोन पावलं पुढे, दोन पावलं मागे. अभंगाच्या चालीवर पुढे, आख्यानाच्या वळणावर मागे. आपण दोघं चटईवर पेंगायचो आणि त्यांच्या पावलांनी जमीन हलतेय असं वाटायचं. परवा मला अचानक दिसलं की मी त्यांना जे महिनोन्‌महिने शिकवू बघतेय, ते हेच आहे. वजन या पायावरून त्या पायावर. पुढे, मागे. हे शरीर ते पन्नास वर्षं करत आलंय.

मी चिपळ्या त्यांच्या डाव्या हातात दिल्या आणि पेटीवर चाल धरली. मला पेटी कशी वाजवता येते ते तुला माहीत आहे. पप्पांनी तोंड वाकडं केलं. "सूर उतरलाय," म्हणाले. मी तशीच वाजवत राहिले, मुद्दाम आणखी उतरवून. शेवटी त्यांना राहवेना. चिपळ्या पलंगावर टाकून, कठडा धरून ते उठले, मला गप्प करायला उठले, आणि उठल्यावर गाऊ लागले. डॅनी, बोलताना अडखळणारी जीभ गाताना अडखळत नव्हती. उजवा पाय पुढे पडला. फरफटत पडला, पण पडला.

मी त्यांना बसवू लागले तेव्हा पप्पा म्हणाले, "थांब, कडवं राहिलंय."

आता रोज सकाळी आपल्या घरात एक उभं कीर्तन होतं. श्रोते मी आणि गोरक्ष. तरी खुर्ची दाराशी आहे, आणि कडवं संपलं की पप्पा तिच्यात बसून हिंडायला जातात. मी काही बोलत नाही. चालू दे.

आता दुसरं. चर्चच्या मंडळीचे पंच काकासाहेब आले होते. सुगीच्या उपकारस्तुतीच्या भक्तीत पप्पांचा सत्कार करायचा म्हणतात. शाल, फुलं, भाषणं. म्हणाले, "मुलानं इतकी चांगली खुर्ची पाठवलीय, त्यांनी बसूनच सत्कार घ्यावा. आम्ही त्यांना मुळीच त्रास देणार नाही." डॅनीसुद्धा येतोय म्हणाले. हे मला त्यांच्याकडून कळलं.

ये. सत्कार कर. मला विरोध करायचा नाही. एकच अट घालते, आणि ती मी काकासाहेबांना, पाळकसाहेबांना, गोरक्षला, सगळ्यांना तोंडी सांगितली आहे. पप्पांच्या उजव्या हाताला धरून कुणीही उठवायचं किंवा बसवायचं नाही. त्या खांद्याला धरून ठेवणारे स्नायू अजून झोपलेले आहेत. हात नुसता लोंबतोय. जोरात ओढला तर सांध्यातून सुटेल. मदत करायचीच असेल तर डाव्या बाजूने, कमरेला. नाहीतर हात पाठीमागे.

एवढं लक्षात ठेव.

ग्लोरिया


शेवगाव, १७ नोव्हेंबर

डॅनी,

तू आता विमानात असशील. पप्पांना इंजेक्शन दिल्यामुळे झोप लागली आहे. मी त्यांच्या शेजारी बसून लिहितेय.

कालचं तू तुझ्या बायकोला कसं सांगशील मला माहीत आहे. "पप्पा अचानक उठायला गेले आणि खांदा दुखावला." अचानक काही झालेलं नाही. काय झालं ते मी लिहून ठेवते.

सकाळी तू म्हणालास, "ताई, आज तू डॉक्टरीण नाहीस. आज नुसती मुलगी हो. तिसऱ्या बाकावर बस आणि बापाचं कौतुक बघ." मला बरं वाटलं. खरंच वाटलं. मी आईची साडी नेसले आणि तिसऱ्या बाकावर बसले.

पप्पा वेदीसमोर खुर्चीत. अंगावर शाल, मांडीवर झेंडूचा हार. तू त्यांच्या मागे. काकासाहेब उजवीकडे. वेदीपाशी ऊस, बाजरीची कणसं, भोपळे, कोंबडा, सगळं अर्पण रचलेलं. काकासाहेबांचं भाषण झालं. पप्पांनी आयुष्यभर उभं राहून देवाची सेवा केली, आता मंडळीची पाळी आहे त्यांना बसवून ठेवायची, असं ते म्हणाले आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. त्या टाळ्यांची मला आज शिसारी येते.

मग पाळकसाहेब शुभवर्तमान वाचायला उभे राहिले. मंडळी उभी राहिली. शुभवर्तमानाच्या वाचनाला आपण उभं राहतो. तुला आणि मला पप्पांनीच ते शिकवलं. तापाने फणफणले असतानाही आईने मला उभं केलेलं मला आठवतं.

पप्पांनी पाय खाली घेतले. मी पाहिलं. डाव्या हाताने खुर्चीची कड धरली, पुढे वाकले, अगदी मी शिकवलं तसं नाक गुडघ्यांच्या पुढे नेलं. शाल घसरली. त्यांचं बूड खुर्चीवरून उठलं. डॅनी, ते उठत होते. पूर्ण भरलेल्या चर्चमध्ये, कुणी न सांगता, पेटीशिवाय, माझ्याशिवाय. आणखी थोडा वेळ मिळाला असता तर ते सरळ झाले असते.

तू मागून त्यांचे खांदे दाबलेस. "पप्पा, बसा, बसा!"

काकासाहेबांना वाटलं त्यांना उठायचंय तर आधार द्यावा. त्यांनी उजवा हात धरला आणि वर ओढला.

एक खाली दाबतोय, एक वर ओढतोय, आणि मध्ये माझा बाप. दोघेही प्रेमाने. मी बाकावरून ओरडले, "हात सोडा! सोडा हात!" पाळकसाहेबांच्या माइकमध्ये माझा आवाज गेला आणि वाचन थांबलं. तोवर खांदा सुटला होता. पप्पांच्या तोंडून जो आवाज आला तो गाण्याचा नव्हता, बोलण्याचाही नव्हता.

आज सकाळपासून मंडळीतल्या तीन बायका भेटायला येऊन गेल्या. तिघींचं म्हणणं एकच, की ग्लोरियाने भक्तीत असं ओरडायला नको होतं. एकीने मला समजावलं, "बाई, तुला पेशंटवर ओरडायची सवय, पण देवाच्या घरात आवाज खाली ठेवावा." मी तिला म्हटलं, देवाच्या घरात माणसाचा खांदा वर ठेवावा. ती न चहा घेता गेली.

तू विमानतळावर जाताना माझ्याकडे बघितलं नाहीस. पप्पांच्या कपाळाला हात लावलास आणि रडलास. माझ्यासमोर रडू नकोस. रडणं मला रोज दवाखान्यात बघावं लागतं. मी तुला एक साधी गोष्ट सांगितली होती. पत्रात लिहिली होती. तू वाचलं नाहीस, किंवा वाचून वाटलं की ताई उगाच काहीतरी करते.

ग्लोरिया


शेवगाव, २० नोव्हेंबर

तुझा निरोप मिळाला. "उभं राहायचं वेड तूच त्यांना लावलंस. आता होममध्ये खाट सांगून ठेवली आहे, जानेवारीत नेऊ."

हो. वेड मीच लावलं. माझ्या थडग्यावर हेच लिहा.


शेवगाव, २१ डिसेंबर

डॅनी,

पुढच्या आठवड्यात तू येतोयस, म्हणून हे पत्र तुझ्या शेजाऱ्याच्या पुतण्याच्या हाती देतेय. तो उद्या निघतोय. विमानात बसायच्या आधी वाच. हे वाचायचंच आहे.

त्या दिवसानंतर पप्पा भिंतीकडे तोंड करून झोपायला लागले. खांदा बसवला होता, हात गळ्यातल्या झोळीत होता, दुखणं होतं. पण दुखण्याने माणूस गप्प होत नाही, उलट जास्त बोलतो. पप्पा बोलायचेच बंद झाले. चिपळ्या मी पलंगावर ठेवल्या, त्यांनी पायाने ढकलल्या. खुर्चीतही बसेनात. गोरक्ष म्हणाला, "म्याडम, आता म्हातारं मोटारीलाबी न्हाई म्हनतंय. आता अवघड हाय." तो घास भरवायचा, पप्पा तोंड उघडायचे. आसारामच्या घरी हेच पाहिलं होतं मी.

शेवटी एक दिवस माझा तोल गेला. मी तुझ्यावर ओरडले, काकासाहेबांवर ओरडले, पण या माणसावर कधी ओरडले नव्हते. त्या दिवशी ओरडले. म्हणाले, "पप्पा, मला एक सांगा आणि मग खुशाल होममध्ये जा. त्या दिवशी चर्चमध्ये तुम्हाला उठा कुणी म्हटलं होतं? मी नाही म्हटलं. मी तिसऱ्या बाकावर साडी सावरत बसले होते. खुर्ची होती, शाल होती, अख्खी मंडळी बसा म्हणत होती. मग का उठलात?"

त्यांनी डाव्या हाताने पांघरूण खांद्यावर ओढलं. मला वाटलं झोपले.

मग भिंतीकडे बघूनच म्हणाले, "वाचन चाललं होतं. बसून कसं ऐकायचं?"

मी म्हटलं, "मग इथं काय आडवं पडून ऐकता? मी तुमच्यासमोर रोज काय वाचतेय?"

ते वळले. रागाने वळले. मला म्हणाले, "तू म्हणजे काय शुभवर्तमान आहेस?"

डॅनी, किती दिवसांनी आम्ही भांडलो! गोरक्षने चहा आणला आणि दारातच थांबला, मध्ये पडायची हिंमत होईना. भांडण संपलं तेव्हा पप्पा पलंगाच्या कडेला बसलेले होते. भांडता भांडता बसले होते, कुणी बसवलं नव्हतं. मी ते त्यांना दाखवून दिलं नाही. दाखवलं असतं तर परत आडवे झाले असते, मी ओळखते त्यांना.

तिथून पुन्हा सुरुवात. उजवा हात झोळीत, डाव्यात चिपळ्या. पेटी मीच वाजवते आणि सूर अजून उतरलेलाच आहे. गोरक्षला मी शेवटी दुसऱ्या बाजूला उभं केलं आणि सांगितलं, हात पाठीमागे. पहिल्या दिवशी तो घामाघूम झाला. "आवो म्याडम, उचलताना कदी दमलो न्हाई, पर ह्ये न उचलणं लई जड हाय. माजेच खांदे दुखायला लागले." मी म्हटलं, हीच डिग्री. ती मिळाली तुला.

काल सकाळी पप्पा उठले. मी पेटी काढायला गेले होते. आवाज आला म्हणून वळले तर ते दारात, डाव्या हातात काठी. मी म्हटलं, "कुठे?" तर माझ्याकडे तुच्छतेने बघितलं, लहानपणी मी पाढा चुकले की ते बघायचे तसं. "कुठे म्हणजे? माणूस सकाळी कुठे जातो?"

पडवीतून मागे. भिंतीला मी कठडा लावून घेतलाय त्याला डावी बाजू घासत. उजवा पाय वळणावर अडकला, ते डुलले. गोरक्षचा हात सुटून पुढे आला. मी त्याच्याकडे बघितलं, हात परत मागे गेला. पप्पांनी स्वतः तोल सावरला. आत गेले. आतून कडी लावली, डॅनी. त्या कडीचा आवाज मी विसरणार नाही. अंगावरून वारं गेल्यापासून त्यांनी पहिल्यांदा स्वतःवर दार लावून घेतलं. आम्ही दोघं बाहेर उभे, हात पाठीमागे, चोरासारखे. गोरक्षच्या डोळ्यांत पाणी होतं आणि तो मला म्हणत होता, "म्याडम, तुमी रडू नका." मी रडत नव्हते. माझ्या तोंडात त्या वेळी फक्त शिव्या होत्या, तुला, काकासाहेबांना, त्या टाळ्यांना, आसारामला बाजेवर निजवणाऱ्या त्या सगळ्या पाहुण्यांना. इतका चांगला आवाज कडीचा, आणि तो आपण सगळ्यांनी मिळून जवळजवळ कायमचा बंद केला होता.

आज सकाळी परत गेले. उद्याही जातील. होमला कळव, खाट दुसऱ्याला द्या.

खुर्चीबद्दल. आज नाश्त्याला पप्पा म्हणाले, "ती मोटार त्या आसारामला दे." मी त्यांना आसारामबद्दल सांगितलं होतं, त्यांच्या लक्षात राहिलं. दुपारी आम्ही ती टेम्पोत घालून नेली. मुलांनी बापाला बसवलं. मी त्यांना म्हटलं, आता तुम्ही दोघं मागे राहायचं, बोट त्याचं त्याने दाबायचं. त्याचा एक हात चांगला आहे. आसारामने बोट दाबलं. खुर्ची अंगणातून रस्त्यावर गेली. मुलं मागे पळाली, "बापू, हळू! बापू, बसा नीट!" आसारामने हॉर्न दिला आणि थांबला नाही. त्याची बायको पदर तोंडाला लावून म्हणाली, "बाजारचा रस्ता इसरला नसंल ना हो ह्यो?"

हे लिहिलं ते तू समजावंस म्हणून. खुर्ची वाईट नव्हती. ज्याला पाय उरले नाहीत त्याला ती पाय देते. तू ती पाय असलेल्या माणसाला दिलीस, आणि वर त्याला सांगितलंस की हीच माया.

मी अजून रागावलेली आहे. नाताळ आहे म्हणून राग गुंडाळून ठेवणार नाही. तू आलास की आपण भांडू, करंज्या खात भांडू. पण त्याआधी एक गोष्ट होईल, ती नीट वाच, या वेळी तरी.

तुझी गाडी दारात थांबेल. पप्पा आतल्या पलंगावर असतील. ते तुझा आवाज ऐकून उठायला लागतील. पाय खाली घेतील, पुढे वाकतील, एकदा मागे बसतील, कदाचित दोनदा. उजवा हात अजून झोळीत आहे आणि चेहरा दुखल्यासारखा होईल. तुझं काळीज तुटेल. तुला धावत जाऊन त्यांना मिठीत घ्यावंसं वाटेल. "बसा, बसा" हे शब्द तुझ्या जिभेवर येतील, कारण आपल्याला लहानपणापासून दुसरं काही बोलायलाच शिकवलेलं नाही.

बोलू नकोस. पिशव्या खाली ठेव आणि हात पाठीमागे घे. बोटं एकमेकांत अडकव, मी अडकवते तशी. खुर्ची मागू नकोस, पाणी मागू नकोस.

पप्पा उठून तुझ्यापर्यंत येईपर्यंत तू दारात उभा राहा.

ग्लोरिया